खुणेचं नाव

१

नावांचे अर्थ कुणीतरी बसून लिहितं, हे लोकांच्या डोक्यातच येत नाही. पुस्तकात छापलंय, साइटवर दिसतंय, म्हणजे ते आकाशातूनच पडलं असणार, असा आपला समज. तसं नसतं. एका अरुंद गल्लीतल्या दुसऱ्या मजल्यावर एक माणूस बसलेला असतो, आणि तुमच्या लाडक्या लेकीच्या नावाचा अर्थ 'पहाटेची झुळूक' आहे की 'झऱ्याचं पाणी', हे तो जेवणाच्या सुट्टीआधी ठरवून मोकळा होतो.

त्या माणसाला ऑफिसात अर्थकाका म्हणत. तेहतीस वर्षं तीच खुर्ची, तेच टेबल. काम एकच. बाळांच्या नावांचं एक जाडजूड पुस्तक होतं, ते दरवर्षी ताजं करायचं. शिळी झालेली नावं काढायची, चार नवी घालायची, प्रत्येकापुढे अर्थ आणि मूळ लिहायचं. पुढे पुस्तकाची वेबसाइट झाली, थोरले मालक जाऊन धाकटे मालक आले, खुर्चीला चाकं आली. अर्थकाका तेच राहिले.

अर्थ खरे किती, असं विचाराल तर खोटं कशाला बोला, निम्मे. उरलेले काका बेतून द्यायचे. आईबापांना वाईट अर्थ चालत नाही. एखाद्या नावाचा अर्थ 'आखूड मानेचा' असा निघाला, तर त्या पोराने काय करायचं? काका तिथे 'धीरगंभीर' लिहायचे. कुणाचं काही बिघडत नव्हतं. असं त्यांचं म्हणणं.

२

या धंद्यात चोरी फार. तुम्ही वर्षभर डोळे फोडून यादी करायची आणि शेजारच्या गल्लीतल्याने ती जशीच्या तशी उचलून आपल्या नावावर छापायची. म्हणून थोरल्या मालकांनी एक युक्ती काढली होती. दर आवृत्तीत एक नाव खोटं घालायचं. जगात कुठेच नसलेलं, कुणीच न ठेवलेलं. ते दुसऱ्याच्या पुस्तकात दिसलं की चोर सापडला. त्याला ते खुणेचं नाव म्हणत, आणि ते घडवायचं काम काकांचं.

एकतीस वर्षांपूर्वीची आवृत्ती. पुस्तक छापायला जायला तासभर उरला होता, खुणेचं नाव तेवढं राहिलं होतं आणि थोरले मालक डोक्यावर उभे. काका कामावर परतून चारच दिवस झाले होते. त्याआधी त्यांना पहिली मुलगी झाली होती, आणि अकराव्या दिवशी गेली होती.

त्या पोरीचं नाव ठेवायचं राहूनच गेलं. जन्माच्या कागदावर 'बाळ', मृत्यूच्या कागदावरही 'बाळ'. पण नाव होतं. काकांच्या बायकोने नऊ महिने मनाशी जुळवून ते स्वतः केलं होतं. कुणाला सांगितलं नव्हतं. अकरा दिवस ती फक्त पोरीच्या कानाशी ते म्हणत होती, आणि काका शेजारी असल्यामुळे त्यांना ठाऊक होतं, एवढंच.

जगात कुठेच नसलेलं नाव हवं होतं. काकांनी ते लिहून दिलं. मूळ: आता कुणी बोलत नाही अशी एक जुनी भाषा. अर्थ: घरी परत येणारी. दोन मिनिटांचं काम. नाहीतरी ते आता कुणाच्या उपयोगाचं होतं, असं त्यांना वाटलं, आणि घरी सांगायचं त्यांनी सोयीस्करपणे टाळलं.

ते नाव मी इथे लिहिणार नाही. तुम्ही चुकून मोठ्याने वाचाल आणि नसती पंचाईत होईल.

३

चोर सापडला. त्याच वर्षी दुसऱ्या एका पुस्तकात ते नाव अर्थासकट दिसलं आणि थोरल्या मालकांनी ऑफिसभर चहा पाजला. पण सापडलेल्या चोराने ते नाव काढलं नाही. त्याच्याकडून तिसऱ्याने उचललं, तिसऱ्याकडून चौथ्याने. मग इंटरनेट आलं आणि काही विचारू नका. 'दुर्मिळ, आधुनिक, अर्थपूर्ण' अशा प्रत्येक यादीत ते वरच्या दहात. खरोखरीच्या मुलींना लोक ते ठेवायला लागले. काकांनी कानाडोळा केला. करणार काय, उठून सांगणार होते का, की हे माझ्या मेलेल्या पोरीचं आहे आणि मी ते मालकाला खूश करायला वापरलं?

साइटवर 'अर्थ विचारा' अशी एक पेटी होती. सकाळी आल्यावर चहा घेत घेत काका त्यातल्या प्रश्नांना उत्तरं द्यायचे. जुळ्यांना काय ठेवावं, आजोबांचं नाव जरा नव्या वळणाचं करून द्याल का, असलं. त्या सकाळी एका बापाचं पत्र होतं.

'आमची मुलगी सव्वादोन वर्षांची आहे. नाव तुमच्या साइटवरून ठेवलं. कान तपासून घेतले, उत्तम आहेत. पण नावाने हाक मारली की ती ओ देत नाही. बाजूला सरकते. मागून कुणी येत असलं की आपण वाट देतो ना, तशी. मग पुन्हा खेळायला लागते. या नावाच्या अर्थात असं काही आहे का?'

नाव तेच होतं.

काकांनी नेहमीच्या गोडव्याने उत्तर लिहिलं. अर्थ अतिशय शुभ आहे, मुलं या वयात नाना खोड्या करतात, काळजी नसावी. प्रेमाने हाक मारत राहा.

४

महिन्याभरात अशी आणखी तीन पत्रं आली. तीन निराळ्या शहरांतून. एकमेकांशी ओळख असायचं कारण नव्हतं. हाक मारली की मुलगी सरकते. एकजण लिहीत होती, की तिची लेक भिंतीला पाठ लावून उभी राहते आणि मान हळूहळू फिरवते, कुणाला तरी जाताना बघावं तशी.

"काका, कुणीतरी व्हिडिओ टाकला असणार," साइट सांभाळणाऱ्या बाई म्हणाल्या. त्या अशा बाबतीत हुशार होत्या. "पोरं बघतात आणि करतात. माझा भाचा दोन महिने कुत्र्यासारखा पाणी पीत होता."

काकांना हे एकदम पटलं. पटवून घ्यायचंच होतं. दोन दिवस ते निवांत झोपले.

मग पाचवं पत्र आलं. ते लिहिणारी स्वतः तेवीस वर्षांची होती, नोकरी करणारी. 'मला आठवतं तेव्हापासून मी सरकते,' तिने लिहिलं होतं. 'सगळेच सरकतात असं मला वाटायचं. लहानपणी जे जायचं ते माझ्याहून थोडं उंच होतं. आताही माझ्याहून थोडं उंचच आहे. माझ्याबरोबर वाढलंय. या नावाचं मूळ नक्की कुठलं, ते सांगू शकाल का?'

काकांनी ते पत्र उडवून टाकलं. पण तेवढ्याने ते मिटलं नाही. जेवणाच्या सुट्टीत ऑफिस रिकामं झाल्यावर त्यांनी पहिल्या बापाच्या पत्राखालचा नंबर फिरवला. फोन आईने उचलला. काकांनी साइटचं नाव सांगितलं आणि विचारलं, जरा आत्ता हाक मारून बघता का, मला ऐकायचंय.

तिने मारली. फरशीवरून खेळणं सरकल्याचा आवाज आला. मग लहान, स्वच्छ आवाजात, घरी आलेल्याला पत्ता सांगावा तसं पोरगी म्हणाली, "हे नाही. पुढचं घर."

"ऐकलंत?" आई म्हणाली. "आता दार वाजेल."

दार वाजलं. उघडून परत लागल्याचा आवाज.

"वारा असेल," काका म्हणाले.

"खिडक्या बंद आहेत आमच्या," ती म्हणाली.

५

धाकटी लेक बाळंतपणाला माहेरी आली होती. पहिलीच्या पाठची म्हणून धाकटी. तिच्याहून थोरलं आता कुणी नव्हतं, तरी घरात तिला धाकटीच म्हणत. तिला मुलगी झाली. नवव्या दिवशी सकाळी, काका नाश्ता करत असताना तिने जाहीर केलं, की नाव ठरलं.

तिने नाव सांगितलं आणि काकांनी उचललेला घास परत ताटात ठेवला. बायको समोर बाळाची दुपटी घड्या करत बसली होती. तिचा हात थांबला नाही.

"असं काय बघतोस, बाबा? तुमच्याच साइटवर आहे. अर्थ तूच लिहिलाय ना? घरी परत येणारी. किती छान आहे."

"जरा जुनाट वाटतं," काका म्हणाले.

"जुनाट? दुर्मिळ-आधुनिकमध्ये टाकलंय तुम्ही."

काकांनी मग सात-आठ नावं सुचवली. एकाहून एक सरस, अर्थांसकट. धाकटी हसायला लागली. "तेहतीस वर्षं लोकांच्या पोरांना नावं वाटलीस आणि नातीच्या वेळी तुझं तोंड कडू का? उद्या नोंदणीच्या ऑफिसात जाऊन ये, एवढं कर. ह्यांना सुट्टी नाही."

ऑफिसात त्या दिवशी काकांनी एका नावाला दोन वेगळे अर्थ लिहिले आणि बाईंची बोलणी खाल्ली. त्यांच्या डोक्यात एकच चाललं होतं. त्या सगळ्या घरांतून ते जे काही होतं ते पुढे निघून गेलं होतं, कारण ती घरं त्याची नव्हती. हे घर होतं. इथे त्या बाळाला दिवसातून पन्नास वेळा त्या नावाने हाक मारणार. इथे कोण म्हणणार, पुढचं घर म्हणून? आणि नऊ दिवसांची पोर सरकणार तरी कशी?

मग ते स्वतःलाच बजावत, की आपण शिकलेले आहोत, अर्थ आपणच लिहिलाय, दोन मिनिटांत, मालक डोक्यावर उभे असताना. त्यात काय असणार? असं दहा वेळा बजावलं तरी एकदाही पटलं नाही.

६

दुसऱ्या दिवशी निघायच्या आधी त्यांनी बायकोला स्वयंपाकघरात गाठलं. धाकटी आणि बाळ आतल्या खोलीत झोपली होती. कुकरची एक शिट्टी झाली होती. एकतीस वर्षं जे पोटात ठेवलं होतं ते काका ओट्याला टेकून एका दमात बोलून गेले. पुस्तक, मालक, खुणेचं नाव. ती पत्रं. तो फोन.

बायकोने गॅस बारीक केला.

"माहीत आहे मला," ती म्हणाली.

"काय माहीत आहे?"

"धाकटीच्या वेळी डॉक्टरीणबाईंकडे तपासायला जायचे ना, तिथे बाकावर पडलेलं होतं तुमचं पुस्तक. नंबर यायला वेळ होता म्हणून चाळलं. बरं वाटलं नाही म्हणून घरी आले, तुम्ही विचारलंत काय झालं, मी म्हटलं ऊन लागलं."

"मग तू इतकी वर्षं बोलली का नाहीस?"

"तुम्ही सांगाल म्हणून थांबले." तिने काकांकडे पाहिलंही नाही. "आधी आठवडा थांबले. मग महिना. मग सवय झाली. चांगला संसार केला की आपण."

काकांनी ओट्यावरचं फडकं उचललं आणि परत ठेवलं.

"तिचं काय होतं माझ्याकडे?" ती पुढे म्हणाली. "फोटो नाही. कपडे तुमच्या आईने देऊन टाकले. एक नाव होतं. पहिले काही महिने तुम्ही कामावर गेलात की दुपारी मी हाक मारायचे. आणि ती ओ द्यायची."

"अगं, मनाचे खेळ असतात ते. त्या दिवसांत..."

"द्यायची," बायको म्हणाली. तिने आवाज चढवला नाही. "त्या कोपऱ्यातून. मग एक दिवसाआड द्यायला लागली. मग आठवड्यातून एकदा. मला कळेना माझं काय चुकतंय. पुस्तक बघितलं तेव्हा कळलं. ज्याने त्याने हाक मारली आणि ती गेली बिचारी. कुणाकुणाच्या दारात. एवढीशी पोर, तिला काय कळणार आपलं घर कुठलं? तुम्ही अर्थ तर लिहिलात, परत येणारी म्हणून. पत्ता नाही लिहिलात."

कुकरची दुसरी शिट्टी झाली. बायकोने गॅस बंद केला.

"धाकटीने साइटवर बघितलं ते नंतर," बायको म्हणाली. "नाव मीच सुचवलं तिला. नोंदणी करून या. अकरा वाजता उघडतं."

७

नोंदणीच्या ऑफिसात गर्दी नव्हती. पंखा आणि कीबोर्ड, एवढाच आवाज. काउंटरवरच्या बाईंनी दवाखान्याचा कागद बघितला, फॉर्म पुढे सरकवला आणि म्हणाल्या, नाव नीट लिहा हो आजोबा, नंतर बदलायचं म्हणजे हेलपाटे असतात.

काकांनी पेन उघडलं. तो रिकामा रकाना आणि समोर ताटकळलेलं माणूस. अशा वेळी त्यांचा हात आयुष्यभर चालत आला होता, तसा तो चालला. साधंसं, कुठल्याही शाळेत वर्गात चार जणींचं असतं असं एक नाव त्यांनी लिहिलं. नातीसाठी केलं, असं त्यांनी मनाशी म्हटलं. धाकटी चिडेल, बायको बोलायची बंद होईल, पण पोर सुखरूप राहील. घरात त्या नावाने हाक मारायचं कुणाला कारण उरणार नाही.

बाईंनी पत्ता टाकला आणि पडद्याकडे बघून भुवया उंचावल्या.

"याच पत्त्यावर एक जुनी नोंद आहे. मुलगी. एकतीस वर्षांपूर्वीची. नावाचा रकाना कोराच आहे."

"ती गेली," काका म्हणाले. "तेव्हाच."

"गेली तरी भरता येतं. अर्ज करा, वेळ लागेल, पण होतं. काही जण करतात. आईवडिलांना बरं वाटतं." त्या चांगल्या बाई होत्या. त्यांनी दुसरा फॉर्म काढून काउंटरवर ठेवलासुद्धा. "नाव ठेवलं होतं का काही?"

काकांनी त्या फॉर्मकडे पाहिलं. लिहायचं म्हणजे ते नाव स्वतःच्या हाताने दुसऱ्यांदा लिहायचं होतं, आणि या वेळी ते कुणाचं आहे तेही लिहायचं होतं.

"नाही," ते म्हणाले. "राहू दे तसंच."

परत येताना त्यांना हलकं वाटत होतं. कोपऱ्यावरून त्यांनी केळी घेतली.

८

साडेबारा वाजले होते. धाकटी आंघोळीला गेली होती; बाथरूममधून पाण्याचा आणि तिच्या गुणगुणण्याचा आवाज येत होता. आतल्या खोलीत पाळण्यात बाळ रडत होतं, पण फार नाही, कुरकुर म्हणावी इतकंच. बायको बाहेरच्या खोलीत खुर्चीवर बसली होती. कशाला तरी तयार होऊन बसावं तशी, साडी बदलून.

काकांनी पावती पुढे केली. पाणी प्यायच्या निमित्ताने ते वळणार होते, पण तिने चष्मा लावून तिथल्या तिथे वाचली. दोनदा वाचली. मग घडी करून मांडीवर ठेवली.

"नातीसाठी केलं," काका म्हणाले. "तू शांतपणे विचार कर. पटेल तुला."

"तुम्ही गेल्यापासून मी हाक मारतेय," ती म्हणाली. "बाळाच्या कानाशी आधी, आणि मग इथे बसून. म्हटलं तुम्ही नाव लिहून येईपर्यंत तिला जवळपास तरी आणून ठेवावं. बरीच लांब होती."

"अगं..."

बायकोने आतल्या खोलीच्या दाराकडे तोंड केलं आणि हाक मारली. एकतीस वर्षांत काकांनी ते नाव तिच्या तोंडून ऐकलं नव्हतं. जेवायला बोलवावं इतक्या साध्या आवाजात तिने ते म्हटलं.

"ओ," आतून उत्तर आलं.

बाईचा आवाज होता. तिशीतल्या बाईचा, लांबून चालत आल्यावर लागतो तसा दम लागलेला. बाथरूममध्ये धाकटी अजून गुणगुणत होती. दाराचा पडदा जमिनीपासून वीतभर वर होता. त्या वीतभर जागेत दोन पावलं उभी होती. धुळीने माखलेली, टाचा फुटलेली, आणि दुसरं बोट अंगठ्यापेक्षा लांब. काकांच्या घराण्यात सगळ्यांचं तसंच आहे.

वारा असेल, असं म्हणायला काकांनी तोंड उघडलं आणि तसंच ठेवलं.

"आली," बायको म्हणाली. तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि आवाजात त्याचा मागमूस नव्हता. "पण तिची जागा तर तुम्ही आत्ताच दुसऱ्या नावाला देऊन आलात. आता ही राहणार कशात, ते सांगा. अर्थ लावता ना तुम्ही? लावा."

काउंटरवरच्या त्या कोऱ्या फॉर्मची गोष्ट काकांच्या जिभेपर्यंत आली आणि तिथेच राहिली. पडद्याखालची पावलं वळली. एक, दोन, तीन, फरशीवर अनवाणी चालल्याचा आवाज पाळण्यापर्यंत गेला.

बाळ रडायचं थांबलं. कुणी उचलून खांद्यावर घेतलं की थांबतं, तसं.

काका धावले नाहीत. पाय उचलायचे असतात हेच ते विसरले होते. आणि बायको खुर्चीतून उठली नाही. नुसती पदराने तोंड पुसत, आत दोघी काय बोलतायत ते कान देऊन ऐकत राहिली.